जुन्या स्विचचं फर्मवेअर बदलताना परतीची वाट आधी बांधा

सांगलीच्या मार्केट यार्डात हळदीचं एक आडत दुकान आहे. तिथं माळ्यावर चोवीस पोर्टचा नेटवर्क स्विच, सिस्को कॅटॅलिस्ट २९६०, बसवलाय. दुकानातले संगणक, प्रिंटर, कॅमेरे एकमेकांना जोडणारा डबा. मूळचा रंग करडा असावा, आता पिवळा आहे. हवेच्या जाळीवरून बोट फिरवलं की नख रंगतं. कन्सोल, म्हणजे लॅपटॉपवरून थेट स्विचशी बोलायची वायर, लावून ‘शो व्हर्जन’ मारलं तर अपटाइम, म्हणजे न थांबता चाललेला काळ, आला दोन वर्षं अकरा आठवडे. लोखंडी शिडीवर मी, खाली गादीवर दिवाणजी. ते म्हणाले, “काय ओ, चालतंय ते चालू द्या की. कशाला उगंच हात लावताय?”

सांगली, मिरज, कुपवाडमधल्या दुकानांची आणि कारखान्यांची नेटवर्कं सांभाळताना याहून नेमका प्रश्न मला कुठल्या इंजिनिअरनं विचारलेला नाही. म्हणून सुरुवात तिथूनच करू. कमांडी इथं उच्चाराप्रमाणे लिहितोय, टाइप करताना अर्थातच इंग्रजी स्पेलिंग.

हात लावायचा की नाही

चालत्या स्विचचं फर्मवेअर, म्हणजे त्याला चालवणारा आतला प्रोग्रॅम, बदलायला मला तीनच कारणं पटतात: सुरक्षेचं जगजाहीर झालेलं भोक, रोज डोकं खाणारा एखादा दोष, किंवा हवी असलेली सोय जुन्या इमेजमध्ये (फर्मवेअरच्या फाइलीत) नसणं. ‘नवीन व्हर्जन निघालंय’ हे कारणच नव्हे. शिवाय या वयाच्या स्विचसाठी कंपनी नवीन काही काढत नसते. जे मिळेल ते त्या मॉडेलचं शेवटचं फर्मवेअर, आणि तिथंच थांबायचं.

सुरक्षेचं उदाहरण घ्या. मार्च २०१७ मध्ये विकिलीक्सनं सीआयएची कागदपत्रं बाहेर काढली. ती तपासताना सिस्कोला आपल्याच तीनशेहून जास्त स्विच मॉडेलांत एक दोष सापडला. टेलनेट (दुरून स्विचमध्ये शिरायची जुनी, असुरक्षित पद्धत) चालू असेल तर पासवर्ड माहीत नसलेला माणूसही स्विचवर हवा तो कोड चालवू शकत होता. पुढच्याच वर्षी स्मार्ट इन्स्टॉलचा, म्हणजे नवीन स्विच आपोआप बसवण्याच्या सिस्कोच्या सोयीचा, दोष जाहीर झाला, टीसीपी पोर्ट ४७८६ वरचा. आता गंमत बघा. दोन्ही दोषांना फर्मवेअर न बदलताही आवर घालता येतो. टेलनेट बंद करायचं, आणि स्मार्ट इन्स्टॉलसाठी ‘नो व्हीस्टॅक’ टाकायचं. ज्या जुन्या इमेजमध्ये ही कमांडच नाही, तिथं ॲक्सेस लिस्टनं, म्हणजे काय आत सोडायचं याच्या यादीनं, ४७८६ अडवायचा. दहा मिनिटांचं काम.

मग दिवाणजींच्या स्विचला हात का लावला? टेलनेट बंद केलं तर दुरून स्विचमध्ये शिरायला एसएसएच ही सुरक्षित पद्धत हवी, आणि त्या इमेजमध्ये एसएसएच नव्हतं. हे कळतं फाइलच्या नावावरून. तिथल्या फाइलचं नाव ‘सी२९६०-लॅनबेस-एमझेड’ असं सुरू होत होतं. ‘लॅनबेस’च्या पाठोपाठ ‘के९’ असेल तर त्या इमेजमध्ये मजबूत एन्क्रिप्शन, म्हणजे एसएसएच असतं. इथं ‘के९’ नव्हतं. नावातला ‘एम’ म्हणजे इमेज रॅममध्ये चालते, ‘झेड’ म्हणजे ती दाबून बसवलेली आहे. पुढचा ‘१२२-५५.एसई’सारखा तुकडा म्हणजे व्हर्जन १२.२(५५)एसई: १२.२ ही मुख्य आवृत्ती, कंसातला आकडा दुरुस्तीचा, आणि एसई ही त्या घराण्याची खूण. नाव वाचता आलं की निम्मं निदान तिथंच होतं.

स्विचच्या पोटात काय काय असतं

तीन गोष्टी वेगळ्या ओळखा. पहिला बूटलोडर. वीज आल्यावर सगळ्यात आधी जागा होणारा छोटा प्रोग्रॅम. दुसरी इमेज, जिला आपण बोलताना फर्मवेअर म्हणतो. ती फ्लॅशमध्ये, म्हणजे वीज गेली तरी टिकणाऱ्या साठवणीत, पडलेली असते, बूटलोडर ती उचलून रॅममध्ये उलगडतो. तिसरं कॉन्फिगरेशन: व्हीलॅन (एकाच स्विचवर पाडलेले नेटवर्कचे वेगळे भाग), पासवर्ड, पोर्टांची नावं. इमेज उडाली तरी बूटलोडर जिवंत असेल तर स्विच मेलेला नाही. हे डोक्यात पक्कं असलं की रात्री अकरा वाजता हात थरथरत नाहीत.

एक खोच इथंच सांगतो. कॅटॅलिस्टवर व्हीलॅनची यादी बऱ्याचदा रनिंग, म्हणजे चालू, कॉन्फिगमध्ये दिसतच नाही. ती फ्लॅशमधल्या ‘व्हीलॅन डॉट डॅट’ नावाच्या वेगळ्या फाइलीत असते. नुसत्या कॉन्फिगचा बॅकअप घेऊन निर्धास्त झालेले, आणि नंतर सगळे पोर्ट नसलेल्या व्हीलॅनमध्ये लटकलेले बघून घाम फुटलेले दोघंतिघं मला माहीत आहेत.

आधी मोजदाद

कागद घ्या. स्विचच्या पोटाखालचं लेबल वाचा: पूर्ण मॉडेल, सिरियल नंबर, हार्डवेअर रिव्हिजन. ‘शो व्हर्जन’मधून चालू इमेज आणि रॅम, ‘डिर फ्लॅश’मधून मोकळी जागा. कुठल्या पोर्टात कोणती केबल, याचे मोबाइलवर फोटो काढा, लेबल वाचता येतील इतक्या जवळून. ऑगस्ट २०१९ मध्ये आयर्विन पुलापाशी कृष्णेचं पाणी ५७ फुटांवर गेलं. त्यानंतर गावभाग, गणपती पेठेकडच्या कित्येक दुकानांनी रॅक खालून उचलून माळ्यावर नेले. घाईत नेले, हाताला लागेल त्या पोर्टात केबल खोचल्या. आज तिथं कुठली वायर कुठं जाते हे कुणालाच ठाऊक नसतं. फर्मवेअरच्या निमित्तानं ही यादी झाली तरी अर्धं सार्थक.

जागेचं गणित महत्त्वाचं. २९६० मध्ये ३२ एमबी फ्लॅश असतो, त्यात दोन इमेज सहसा मावतात. त्याच्या आधीच्या २९५० मध्ये फक्त ८ एमबी. इमेज आणि वेब पानांच्या फाइली मिळून तो भरलेलाच असतो. म्हणजे नवीन टाकायला जुनी पुसावी लागते, आणि तिथंच परतीची वाट बंद होते. माझं जे फसलं ते असंच फसलं. ते पुढे येईलच.

फाइल आणायची कुठून? बनवणाऱ्या कंपनीच्या साइटवरून, बस्स. सिस्कोच्या बहुतेक इमेजना सर्व्हिस करार लागतो. पण जाहीर झालेल्या सुरक्षादोषाची दुरुस्ती असेल तर करार नसलेल्या ग्राहकालाही त्यांच्या मदत केंद्राकडं सिरियल नंबर आणि दोषाच्या सूचनेचा दुवा देऊन मागता येते. हे बऱ्याच जणांना माहीतच नसतं. टेलिग्रामच्या ग्रुपवर कुणीतरी टाकलेली इमेज स्विचमध्ये घालू नका. ज्या भोकासाठी एवढा खटाटोप चाललाय, तेच भोक आपल्या हातानं पाडल्यासारखं होईल. फाइल उतरवली की कंपनीनं दिलेला एमडी५ किंवा एसएचए आकडा, म्हणजे फाइलचा ठसा, जुळवा. विंडोजमध्ये ‘सर्टयुटिल हायफन हॅशफाइल’, पुढं फाइलचं नाव आणि शेवटी एमडी५. फाइलबरोबरच्या रिलीज नोट्स कंटाळवाण्या असतात, पण एक गोष्ट त्यांत हमखास शोधा: थेट शेवटच्या आवृत्तीवर उडी मारता येते, की मध्ये एक पायरी घ्यावी लागते.

हत्यारं

कन्सोल केबल जवळ नसेल तर कामाला सुरुवातच करू नका. ती फिकट निळी चपटी केबल आणि यूएसबी-सिरियल कन्व्हर्टर. स्वस्त कन्व्हर्टरमध्ये कधी नकली प्रॉलिफिक चिप निघते, आणि नवीन विंडोजचा ड्रायव्हर तिला ओळखच देत नाही. घरूनच एकदा लावून बघा, माळ्यावर चढल्यावर नको. पुटीमध्ये, म्हणजे लॅपटॉपवर कन्सोल दाखवणाऱ्या प्रोग्रॅममध्ये, वेग ९६००, आठ डेटा बिट, पॅरिटी नाही, एक स्टॉप बिट, फ्लो कंट्रोल बंद. जुना एचपी प्रोकर्व्ह असेल तर दोनदा एंटर मारा, तो वेग स्वतः ओळखतो.

नेटवर्कवरून फाइल पाठवायची साधी पद्धत म्हणजे टीएफटीपी. लॅपटॉपवर टीएफटीपीडी६४ टाका, लॅपटॉपला स्विचच्याच नेटवर्कमधला स्थिर आयपी द्या, वायफाय बंद करा, आणि फायरवॉलमध्ये त्या प्रोग्रॅमला परवानगी द्या. नुसता यूडीपी ६९ उघडून काम भागेलच असं नाही, कारण ६९ वर फक्त विनंती येते, माल वेगळ्या पोर्टवरून जातो. टीएफटीपी फार साधं आहे. ५१२ बाइटचा एक ठोकळा पाठवायचा, पोच आली की पुढचा. ठोकळ्याच्या नंबराला १६ बिट, म्हणजे ६५,५३५ ठोकळे झाले की संपलं. गुणाकार करा, ३२ एमबीच्या जरा आत येतं. त्याहून मोठी इमेज काही सर्व्हरवर शेवटाला येऊन अडकते ती यामुळं. २९६० च्या इमेजला हा त्रास नाही.

आणि यूपीएस. बॅटरी खरोखर जिवंत आहे का बघा. मेनचा प्लग काढून बघा, हिरवा दिवा बघून नको.

माझं काय झालं

कुपवाडच्या एका कारखान्यात २९५० होता. जागा नव्हती म्हणून जुनी इमेज पुसली, नवीन बोलावली. पडद्यावर टिंबं उमटायला लागली. टिंब म्हणजे वाट बघतोय, उद्गारचिन्ह म्हणजे माल येतोय. उद्गारचिन्ह एकही नाही. विंडोजची फायरवॉल, दुसरं काय! अजूनही धोका नव्हता, कारण चालू इमेज रॅममध्ये असते. फायरवॉल उघडून परत पाठवलं असतं तर भागलं असतं. तेवढ्यात लाइट गेली. यूपीएस नुसता शोभेचा निघाला. लाइट आली तेव्हा समोर ‘स्विच’ एवढाच शब्द आणि त्यापुढं दोन टिंबं. फ्लॅशमध्ये इमेज नाही, बूटलोडर एकटा हुकमाची वाट बघतोय.

यातून सुटका एक्समोडेमनं. म्हणजे इमेज कन्सोलच्या केबलमधूनच ढकलायची. मी ९६०० च्याच वेगानं सुरू केलं. या वेगाला सेकंदाला जास्तीत जास्त ९६० बाइट जातात. साडेतीन एमबीच्या फाइलीला तासाच्या वर. चाळीस मिनिटांनी लॅपटॉप झोपला. पहिल्यापासून सुरुवात. वॉचमन मामा दोनदा चहा घेऊन आले. दुसऱ्यांदा म्हणाले, “साहेब, अजून त्येवढंच?” पहाटे कारखान्याचा भोंगा व्हायच्या आत स्विच उठला, नशीब.

त्या रात्री मला एक ओळ माहीत नव्हती. बूटलोडरमध्ये ‘सेट बॉड ११५२००’ टाकायचं, पुटीतही तोच वेग ठेवायचा, मग तीच फाइल सात-आठ मिनिटांत जाते. क्रम असा: मोड बटण दाबून धरून वीज द्या, मग ‘फ्लॅश_इनिट’, ज्या मॉडेलवर असेल तिथं ‘लोड_हेल्पर’, मग वेग वाढवा, मग ‘कॉपी एक्समोडेम: फ्लॅश:’ आणि फाइलचं नाव. पुटीमध्ये एक्समोडेम नाही, म्हणून या कामासाठी टेराटर्म लॅपटॉपवर आधीच टाकून ठेवा. फाइल गेली की ‘बूट फ्लॅश:’ आणि तेच नाव. शेवटी वेग परत ९६०० करायला विसरू नका. विसरलात तर पुढच्या खेपेला कन्सोलवर कचरा अक्षरं दिसतील आणि तुम्ही केबलला शिव्या द्याल.

प्रत्यक्ष काम

आता परत दिवाणजींच्या माळ्यावर. वेळ ठरवली ती सौदे नसलेल्या दिवशी, संध्याकाळी शेतकऱ्यांच्या पट्ट्या छापून झाल्यावर. हंगामात, म्हणजे मार्च-एप्रिलला, मी असल्या कामाचं नावच काढत नाही.

पहिलं, ‘राइट मेमरी’ करून चालू कॉन्फिग जतन करा, आणि काहीही बदलायच्या आधी स्विच एकदा नुसता रिलोड, म्हणजे पुन्हा सुरू, करा. वर्षानुवर्षं न थांबलेला स्विच थांबला की कधी कधी उठतच नाही. पॉवर सप्लायमधले कपॅसिटर फुगलेले असतात, गरम असेपर्यंत कसंबसं ओढतात. असं काही व्हायचं असेल तर ते जुन्या फर्मवेअरवरच झालेलं बरं, म्हणजे दोष कुणाचा ही शंका राहत नाही. अर्थात रिलोडमध्ये वीज जात नाही. म्हणून धीर असेल तर प्लगही एकदा काढून घाला. पर्यायी स्विच गाडीत ठेवूनच.

मग बॅकअप. कॉन्फिग, व्हीलॅन डॉट डॅट आणि चालू इमेज, तिन्ही टीएफटीपीवर काढून घ्या. हो, इमेजसुद्धा. जुनी आवृत्ती कंपनीच्या साइटवर उद्या असेलच याची खात्री नाही.

‘कॉपी टीएफटीपी: फ्लॅश:’ टाका. तो आयपी विचारेल, फाइलचं नाव विचारेल. नाव टाइप करू नका, चिकटवा. फ्लॅश पुसू का असं काही विचारलं तर थांबा, वाचा, मगच उत्तर द्या. सवयीनं एंटर मारणारा हात इथं घात करतो. उद्गारचिन्हांची रांग संपली की ‘व्हेरिफाय /एमडी५ फ्लॅश:’ आणि नाव. आकडा साइटवरच्या आकड्याशी जुळवा. पहिली चार आणि शेवटची चार अक्षरं बघून समाधान मानू नका.

पुढची पायरी लोक घाईत उरकतात, आणि माझ्या मते सगळ्यात जास्त जपायची हीच. ‘बूट सिस्टिम’मध्ये एकच नाव देऊ नका. नवीन इमेजचं नाव, मध्ये अर्धविराम, मग जुन्या इमेजचं नाव. बूटलोडर यादीतली पहिली फाइल उचलायचा प्रयत्न करतो, ती सापडली नाही किंवा उघडली नाही तर दुसरीकडं वळतो. ‘शो बूट’नं यादी नजरेखालून घाला, स्पेलिंग ‘डिर फ्लॅश’शी ताडून बघा, ‘राइट मेमरी’ करा, आणि मग ‘रिलोड’.

आता हात बांधून बसायचं. काही मॉडेल नवीन आवृत्तीवर पहिल्यांदा उठताना आतल्या चिपांचं मायक्रोकोडही बदलतात, त्याला आणखी काही मिनिटं लागतात. पडद्यावर हालचाल दिसत नाही म्हणून प्लग ओढणं हा या कामातला सगळ्यात मोठा गुन्हा. कन्सोल लावलेला असतो तो यासाठीच, आत काय चाललंय ते दिसतं. सिस्टिमचा दिवा हिरवा लुकलुकतोय तोवर तो स्वतःची तपासणी करतोय. अंबर होऊन राहिला तर गडबड. पोर्टांचे दिवे थोडा वेळ अंबर राहतील, त्यानं घाबरू नका. स्पॅनिंग ट्री, म्हणजे केबलांचं चक्र होऊ नये म्हणून पोर्टांवर पहारा ठेवणारी सोय, पंधरा सेकंद ऐकतो, पंधरा सेकंद शिकतो, मग वाट उघडतो. या अर्ध्या मिनिटात पिंग येत नाही म्हणून “गेला, स्विच गेला” असा ओरडा करणारा एकजण प्रत्येक ऑफिसात असतो.

उठल्यावर ‘शो व्हर्जन’मध्ये नवीन नाव दिसलं का, ‘शो व्हीलॅन’ पूर्वीसारखं आहे का, ‘शो इंटरफेस स्टेटस’ फोटोंशी जुळतं का, एवढं बघा. मग खरी परीक्षा: बिलाचा प्रिंटर, कॅमेरे, काट्याशेजारचा संगणक. दिवाणजींनी एक जुनी पट्टी परत छापून बघितली. मी एसएसएचची किल्ली तयार केली, तिची लांबी २०४८ दिली, आणि टेलनेट बंद केलं. इथं आणखी एक खाच लागते. आजच्या ओपनएसएसएचनं (लॅपटॉपवरून एसएसएचनं जोडणाऱ्या प्रोग्रॅमनं) एन्क्रिप्शनच्या जुन्या पद्धती सोडून दिल्यात, २०१५ साली ग्रुप१ ही किल्ली-अदलाबदल, २०२१ साली एसएचए१ वरची आरएसए सही. म्हणून जोडताना ‘पद्धत जुळत नाही’ असं उत्तर येऊ शकतं. त्या एका स्विचच्या पत्त्यापुरती जुनी पद्धत तुमच्या सेटिंग फाइलीत चालू करा, सगळ्यांसाठी नको.

प्रोकर्व्ह आणि वेबवाले

एचपी प्रोकर्व्ह २५१०, २६१० असेल तर काम सोपं. यांत प्रायमरी आणि सेकंडरी असे दोन कप्पे असतात. ‘शो फ्लॅश’नं दोन्हीत काय आहे बघा, नवीन इमेज ‘कॉपी टीएफटीपी फ्लॅश’ करताना शेवटी ‘सेकंडरी’ म्हणा, आणि ‘बूट सिस्टिम फ्लॅश सेकंडरी’नं तिच्यावर उठा. जमलं नाही तर प्रायमरी तशीच शाबूत. हा दोन कप्प्यांचा शहाणपणा सगळ्यांनी घेतला असता तर माझ्या कितीतरी रात्री वाचल्या असत्या. फक्त एक, नवीन आवृत्ती कॉन्फिगची धाटणी थोडी बदलू शकते. त्यामुळं मागं यायचं तर कॉन्फिगही जुना बॅकअपमधलाच घाला.

ब्राउझरमधून चालणाऱ्या स्वस्त स्मार्ट स्विचबद्दल माझं मत थोडं कडवट आहे. एकाच मॉडेलच्या व्ही१, व्ही२, व्ही३ अशा हार्डवेअर आवृत्त्या असतात, एकीचं फर्मवेअर दुसरीत घातलं तर स्विचची वीट होते, म्हणजे तो निकामी होतो. बहुतेकांना कन्सोल नाही, म्हणजे वीट झाली की झाली. त्यात २०२० पासून ब्राउझरांनी टीएलएस १.० आणि १.१ या जुन्या एन्क्रिप्शन पद्धती बंद केल्यामुळं कित्येकांचं लॉगिनचं पानही उघडत नाही. करायचंच असेल तर लॅपटॉप थेट वायरनं जोडा, झोपेची सेटिंग बंद करा, आणि लेबलावरची आवृत्ती दोनदा वाचा. पण मी बहुधा असा स्विच आतल्या कामापुरता ठेवतो, त्याचं व्यवस्थापनाचं पान बाकी नेटवर्कपासून तोडून टाकतो, आणि पुढच्या बजेटमध्ये बदलायला सांगतो.

२९५० बद्दलही आता तेच. तो कुठं सापडलाच तर फर्मवेअरवर संध्याकाळ घालवू नका. दुसरा स्विच आधीच बसवून केबली एकेक करून हलवा.

आडत दुकानातल्या २९६० ची जुनी इमेज मी दोन आठवडे फ्लॅशमध्ये राहू दिली आणि मग पुसायला गेलो. मग विचार केला, जागा आहे, कशाला पुसायची? ती अजून तिथंच आहे. रॅकच्या दाराला आतून एक कागद चिकटवलाय: तारीख, आधीची आणि आताची इमेज, कन्सोलचा वेग, बॅकअप कुठल्या पेनड्राइव्हवर. पेनड्राइव्ह दिवाणजींच्या गल्ल्यात, चेकबुकाखाली.